एक्केचाळिसावा टेक

दातांच्या डॉक्टरीणबाईंनी माझ्या तोंडात कापसाचे दोन बोळे, एक आरसा आणि स्वतःची दोन बोटं घातलेली असताना छतातल्या स्पीकरमधून माझं गाणं सुरू झालं. माझं म्हणजे मी गायलेलं नाही. मी जन्मात कधी गायलो नाही, काही वाजवलं नाही, गाण्याची एक ओळ लिहिली नाही. मी रॉकच्या रेकॉर्डी काढल्या. काचेच्या अलीकडे बसून पलीकडच्यांकडून त्या काढून घेतल्या, असं म्हटलं तर जास्त खरं होईल. पहिले चार ठोके ड्रमचे, मग गिटारचा तो ओरखडा, मग बेस. मला ते इतकं पाठ आहे की मी ऐकतही नाही, घरच्या जिन्याच्या पायऱ्या आपण मोजतो का? पण आवाज सुरू झाला आणि मी खुर्चीत ताठ झालो. "दुखतंय? भूल चढली नाही का अजून?" डॉक्टरीणबाईंनी विचारलं. दुखत काही नव्हतं. गाणारी बाई तीच होती, शब्द तेच, चाल तीच, पण गळा अख्खा होता. तिसऱ्या कडव्यात वरच्या सुराला तो आवाज फाटतो, तिथे अडतीस वर्षं लोक डोळे मिटून घेत आलेत, आणि तिथे तो फाटलाच नाही. सरळ वर गेला, थोडा वेळ तिथे थांबला आणि आरामात खाली उतरला. मग रेडिओवरच्या पोरीने गाणं मध्येच तोडलं आणि लाडात येऊन सांगितलं, की हा होता आजवर कुणीही न ऐकलेला तिसरा टेक, आणि निर्मात्यांची संमती मिळाली की पुढच्या महिन्यात तो सगळ्यांच्या भेटीला येणार आहे. मी म्हणालो, "बंद करा ते." बोळ्यांमधून बाहेर पडलं ते "अं अं आं ए". बाई म्हणाल्या, "झालं झालं, दोनच मिनिटं." ती दोन मिनिटं मी वाकडं तोंड उघडं ठेवून छताकडे बघत पडून राहिलो, कारण तो तिसरा टेक जगात असणं शक्यच नव्हतं. तो मी पुसला होता. माझ्या या हाताने.

रस्त्यावर आलो तेव्हा डावा गाल माझा नव्हता. ओठाच्या कोपऱ्यातून लाळ गळते आहे की नाही हे बोट लावून बघावं लागत होतं. अशा तोंडाने माणसाला धड चिडताही येत नाही. तरी मी चिडलो होतो, आणि का, ते नीट सांगायला हवं, कारण हल्ली कुणाला ते कळत नाही. हल्ली गाणारा एकच गाणं दोनशे वेळा गातो, दोनशेच्या दोनशे टेक ठेवतात, मग कुणीतरी बसून याच्यातला शब्द आणि त्याच्यातला श्वास असं करत गाणं शिवतं. आमच्या वेळी दोन इंच रुंद टेप असायची आणि तिच्यावर चोवीस पट्ट्या. माझ्या ड्रमनाच दहा लागायच्या. मग गिटारी, बेस, ऑर्गन. तेवीस भरायच्या आणि आवाजाला एक उरायची. नवा टेक घ्यायचा म्हणजे त्याच पट्टीवर, जुना पुसून. दुसरे निर्माते इकडचं तिकडे कोंबून आवाजासाठी तीन-चार पट्ट्या मोकळ्या ठेवायचे. मलाही ठेवता आल्या असत्या. मी मुद्दाम ठेवत नसे. गाणाऱ्याला कळलं पाहिजे की आता तोंड उघडलंस की मागचं गेलं. बरं होतं तरी गेलं. मग तो हातचं राखून गात नाही. या पद्धतीला लोकांनी काय काय म्हटलं. निर्दयी म्हटलं, वेडा म्हटलं, आणि पुढे म्हातारा झाल्यावर द्रष्टा म्हटलं. धंद्यात माझं खरं नाव कुणी घेत नसे. बटण दाबून मी आतल्यांना एकच शब्द ऐकवायचो, तेच माझं नाव पडलं, पुन्हा. पुन्हासाहेब आले, पुन्हासाहेब गेले. मला राग नव्हता. कामावरून पडलेलं नाव बापाने ठेवलेल्या नावापेक्षा जास्त कमावलेलं असतं.

एकोणीस रेकॉर्डी काढल्या मी. अकरा साफ आपटल्या. उरलेल्या आठांवर पुढचं सगळं रॉक उभं आहे असं पुस्तकात छापून आलंय, आणि ते बरोबरच छापलंय, उगाच नम्रपणा कशाला. आमचा स्टुडिओ म्हणजे साबणाच्या कारखान्याची जुनी वखार. भिंतींना शेवटपर्यंत वास यायचा, ड्रम वाजवणारा म्हणायचा की घरी गेल्यावर आंघोळ केली नाही तरी चालतं. तिथे मी ड्रम उंच छताखाली मधोमध मांडले आणि माइक लांब, पार दुसऱ्या भिंतीपाशी लावले. तोवर सगळे माइक ड्रमच्या नाकाला टेकवायचे. पहिली रेकॉर्ड ऐकून कंपनीचा साहेब म्हणाला, ड्रम खाली करा, रेडिओवर चालायचं नाही हे. मी बरं म्हणालो, ड्रम आणखी थोडे वर केले आणि पाठवून दिलं. पुढची दहा वर्षं जो तो विचारत होता, तसे ड्रम कसे काढता. आणि वेळ सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच. रॉकवाल्यांना सकाळचे नऊ म्हणून काही वाजतात हे मुळी मीच दाखवलं. शिव्या घालत यायचे, डोळे चोळत, पण यायचे. मी म्हणायचो, बंड करायचं ना, मग आधी वेळेवर या. चुकीचं वागलो असेन पुष्कळदा. पण वाऱ्यावर सोडून कुठलंही काम केलं नाही. आणि आता कुणीतरी माझ्या पुसलेल्या टेपमधून एक गोजिरवाणा आवाज उकरून काढून माझ्याच गाण्यावर चिकटवणार, आणि मी दातांच्या खुर्चीत आ वासून ते ऐकायचं?

त्या गाण्याची गोष्ट मी इतक्यांदा सांगितली आहे की सांगताना कुठे थांबायचं तेही ठरलेलं आहे. गाणारी तेवीस वर्षांची. एका जागी उभी राहायची नाही, गातानाही गोल गोल फिरायची, माइकची वायर पायात गुंतवून घ्यायची, म्हणून भिंगरी. टेपवर बसायचे ते टेपकाका, माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठे, आधी रेडिओत होते, गरम टोपी आणि टेपला बोटं लागू नयेत म्हणून हातात रबरी हातमोजे. आणि मी, चौतीस. सकाळी नऊला सुरू केलं. दुपारी तीनपर्यंत चाळीस टेक झाले. सगळे सुरात. एकही खरा नाही. चाळिसाव्यानंतर काकांनी माझ्याकडे पाहिलं, पुरे करा अशा नजरेने. मी बटण दाबलं आणि म्हणालो, पुन्हा. इथे मी थांबतो. मग एक्केचाळिसावा, त्या एका जागी गळा फाटला, आणि जे बाहेर आलं ते जगाने ऐकलं. नंतर तिने रुमालात थुंकलं तर लाल ठिपका. घशाच्या डॉक्टरने सहा महिने बोलू दिलं नाही. तो वरचा सूर तिला परत कधी लागला नाही. खालच्या आवाजात दोन रेकॉर्डी केल्या बिचारीने, मग गाणं सोडलं. मुलाखत घेणारे हमखास विचारतात, पश्चात्ताप होतो का? मी म्हणतो, होतो, आणि नाही होत. मध्ये जरा वेळ जाऊ देतो. हे उत्तर लोकांना फार आवडतं. मलाही आवडत होतं. रात्री अंथरुणावर पडल्यावर मात्र तो रुमाल आठवायचा आणि उत्तरातला दुसरा भाग गळून पडायचा. पण मग मी ते गाणं लावायचो, त्या जागेपर्यंत जायचो, आणि स्वतःला म्हणायचो, मी थांबलो असतो तर हे झालं नसतं. अडतीस वर्षं मी या एका वाक्यावर काढली आहेत.

घरी आलो तर बायको खिडकीच्या काचा पुसत होती. तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि हसू दाबलं. मी जमेल तसं सांगितलं. तिला अजिबात धक्का बसला नाही, आणि त्यानेच मला अर्धं कळून चुकलं.

"त्या खणात तीन पाकिटं आहेत कंपनीची," ती म्हणाली. "तुम्ही फोडत नाही, म्हणून मीही फोडत नाही. मला काय करायचंय."

"आणि?"

"आणि भिंगरीचा दोनदा फोन आला होता. म्हणाली, त्यांना सांगा, टेप मीच दिली. चिडायचं तर माझ्यावर चिडा म्हणावं."

"मग मला सांगायचं नाही?"

"सांगितलं की. तुम्ही म्हणालात, नंतर." तिने तिन्ही पाकिटं आणून माझ्या कोटाच्या खिशात कोंबली. "आता जा आणि काय भांडायचं ते समोर भांडून या. इथे मला ऐकवू नका. आणि तोंड पुसा, अहो, गळतंय."

कंपनी माझ्याशी असं पाकिटातून का बोलते त्याचं कारण आहे. माझ्या करारात एक ओळ आहे, मी हट्टाने घालून घेतलेली. माझ्या कुठल्याही कामातलं काहीही माझ्या सहीशिवाय बाहेर पडायचं नाही. तिच्यावरून तेव्हा दोन महिने बोलणी अडली होती. आज ती ओळ म्हणजे माझ्या हातात राहिलेली एकच गोष्ट आहे. स्टुडिओ गेला, तिथे आता कार धुतात. रेकॉर्डी दुकानात मिळत नाहीत, कारण दुकानंच नाहीत. पण सही माझी आहे. रेडिओवरचा तो तुकडाही तिच्याशिवाय वाजायला नको होता. बसमध्ये बसून मी ठरवून टाकलं होतं. एक शब्द, नाही. कितीही रडली तरी नाही.

भिंगरी पोहायला शिकवते. हे मला माहीत होतं, पण मी तिथे कधी गेलो नव्हतो. अडतीस वर्षांत आम्ही चारदा भेटलो असू, दर वेळी कुणीतरी गेल्यावर. बंदिस्त तलाव, वर काचेचं छत, औषध घातलेल्या पाण्याचा तो डोळ्यांना झोंबणारा वास. आत पाऊल टाकलं आणि सवयीने टाळी वाजवली. कुठल्याही मोठ्या खोलीत मी आधी टाळी वाजवतो, घुमारा किती वेळ टिकतो ते बघायला. इथे तीन सेकंद, वर थोडा जास्त, शेपटाला जरा पत्र्यासारखा. चांगली खोली होती. पाण्यातल्या सहा म्हाताऱ्या बायका फोमच्या फळ्या छातीशी धरून माझ्याकडे बघायला लागल्या. काठावर राखाडी केसांची एक बाई उभी होती, गळ्यात शिट्टी, पायात रबरी चप्पल. तिने शिट्टी फुंकली आणि बायका मुकाट्याने पाय मारायला लागल्या. ती ओरडूच शकत नाही, म्हणून शिट्टी. पोरं तिला शिट्टीबाई म्हणतात हे तिनेच मला एका अंत्ययात्रेनंतर सांगितलं होतं, हसून. मला हसायला आलं नव्हतं.

"बूट काढा," ती म्हणाली. तो आवाज. खालचा, खरबरीत, मध्येच हवा सुटणारा. "तोंडाला काय झालं?"

"दात."

"बरं. मला वाटलं रागाने वाकडं झालंय."

"ते पण आहे."

तिने बायकांना दहा फेऱ्यांचं काम लावून दिलं आणि मला काचेच्या केबिनमध्ये घेऊन गेली. काचेवर सगळी वाफ. मोजे ओले झाले होते. मी उभ्यानेच म्हणालो, "काकांनी केलं ना हे?" तिने मान हलवली. टेबलाखाली छोटा रेकॉर्डर ठेवून काका दिवसभर सगळं उतरवून घेत होते, म्हणाली. आमच्या खोलीतल्या स्पीकरमधून जे येईल ते, गाणं, बोलणं, खोकणं, सगळं. बावीस वर्षं रेडिओत काढलेला माणूस, पुसलेलं परत येत नाही याचा त्याने धसकाच घेतला होता. संध्याकाळी त्यांनी ती टेप तिच्या पिशवीत घातली आणि म्हणाले, पोरी, मी आहे तोवर बाहेर काढू नकोस, त्याला कळलं तर तो माझ्याशी जन्मात बोलायचा नाही. काका मागच्या वर्षी गेले. मला एकदम त्यांची गरम टोपी आठवली आणि वाईट वाटलं, कारण त्यांचं म्हणणं बरोबर होतं. मी खरंच बोललो नसतो.

"मी सही करणार नाही," मी म्हणालो. "तिसरा छान आहे. नुसताच छान. असे छान आवाज रस्त्यावर पडलेत."

"तिसरा छान आणि एक्केचाळिसावा खरा. मला सांगताय? ते मला तुमच्याआधी कळलं होतं." ती खुर्चीत बसली आणि खुर्ची अर्धी या बाजूला, अर्धी त्या बाजूला फिरवत राहिली. "तिसरा माझ्या मुलीसाठी. तिने मला कधी वर गेलेलं ऐकलं नाही. लहानपणी विचारायची, आई, तू जन्मतःच अशी घोगरी होतीस का? पण तो राहू दे. तो नाही काढला तरी चालेल. तुम्हाला दुसरं ऐकवायचंय." आणि तिने फोन टेबलावर ठेवला.

"या डबीतून मी काही ऐकत नसतो."

"मग कान जवळ आणा."

मी वाकलो. चाळिसावा टेक संपत होता. ऑर्गन विरलं. मग आमची खोली. मी ती खोली ओळखली, टेपच्या चाकांची ती घरघर, काकांची खुर्ची. बटणाची टिक. आणि माझा आवाज. तरुण, तापलेला, कंटाळलेला. "बस. पुरे. हिच्या आवाक्यातलं नाही हे. काका, टेप उतरवा. हिला घरी पाठवा, उद्या दुसरी कुणी बघू." मग आमचं ते जड दार, त्याला वरती स्प्रिंग होती, बंद होताना शेवटी उसासा टाकायची. ती उसासली. थोडा वेळ काही नाही. मग स्पीकरमधून ती, लांबून, "काका, ते गेले का?" "गेले. बाहेर." "टेप उतरवू नका." "पोरी, चाळिसावा पुसला जाईल. बरा आहे तो." "पुसू दे. लावा." आणि ड्रमचे चार ठोके. पुढचं सगळ्या जगाला माहीत आहे. फक्त शेवटच्या कडव्याखाली, तेही आमच्या खोलीतलं, म्हणून रेकॉर्डवर कधी न आलेलं, दार पुन्हा उघडतं. कुणीतरी येऊन खुर्चीत बसतं. गाणं संपतं, बटणाची टिक, आणि मी म्हणतो, "हा ठेवा. बघितलंत, काका? म्हणून मी थांबत नाही."

मी सरळ उभा राहिलो. कंबरेत कळ गेली. माझ्या मनात पहिलं आलं ते हे, की हा माझा आवाज नाही, कुणीतरी जोडलंय. पण मी लोकांचे नुसते श्वास ऐकून कोण आहे ते सांगतो, मला माझा आवाज ओळखता येत नाही होय? मग मी आठवायला बसलो. बटण आठवत होतं. बोटाखालचा त्याचा गुळगुळीत खळगा आठवत होता. काकांची नजर आठवत होती. पुन्हा म्हटलेलं अगदी स्पष्ट आठवत होतं, आणि ते कुठल्या टेकनंतर, ते कसं कळणार, एकोणचाळीसदा म्हटलं होतं मी. दारापलीकडचा व्हरांडा मात्र आता हळूहळू येत होता. व्हरांड्यात खिडकी होती, तिच्याखाली साबणाच्या जुन्या साच्यांचा ढीग. तिथे उभा राहून मी दुसऱ्या गाणाऱ्या बाईचा विचार करत होतो. तिचं नावसुद्धा आठवलं. आणि भिंतीतून एकदम तो फाटका सूर आला, मी धावत आत गेलो. धावलो होतो मी. इतकं सगळं माझ्याकडे होतं आणि मी ते पुसलं, जसं बाकीचं पुसत होतो तसंच. मला लाज वाटली. तशी लाज मला आयुष्यात वाटलेली नाही. आणि लाजेच्या खालून आणखी एक काहीतरी येत होतं, ते मला नको होतं. हलकं वाटत होतं. तो रुमाल माझा नव्हता. पण तो माझा नसेल तर तो सूरही माझा नव्हता, आणि मग अडतीस वर्षं मी कशावर उभा होतो? मी घाबरलो, आणि घाबरलो की मी आवाज चढवतो.

"चाळीसदा मी गाऊन घेतलं म्हणून एक्केचाळिसावा झाला," मी म्हणालो. "विसरू नकोस ते."

"नाही विसरत. चाळीस तुमचे. सगळे घ्या." तिचा खरबरीत आवाज अजिबात वर चढला नाही. "अडतीस वर्षं लोक मला भेटतात आणि मान वाकडी करून म्हणतात, त्या माणसाने तुमचा गळा फाडला ना? बिचारी. ऐकून घेते मी. माझी मुलगीसुद्धा म्हणते. तुम्ही पण तेच म्हणत फिरता, टीव्हीवर, डोळे ओले करून. अहो, मी बिचारी नव्हते. मला दिसत होतं की आता वर गेले तर फाटणार. चांगलं दिसत होतं. मला तो सूर हवा होता म्हणून मी गेले. माझा गळा, मी फाडला. तुम्ही शाबासकी घेतलीत ती घेतलीत, माझा गुन्हाही घेऊन गेलात."

"मला वाटत होतं तो माझा आहे."

"माहीत आहे. म्हणून तर काही बोलले नाही. काका होते तोवर."

"माफी मागावी असं म्हणणं आहे का तुझं?"

"मुळीच नाही. तुम्ही माफी मागितलीत की मी परत बिचारी." तिने शिट्टी उचलली, काचेवरची वाफ हाताने पुसून तलावाकडे पाहिलं. "सही करा नाहीतर करू नका. टेप मी जाळणार नाही एवढं सांगते."

"नाही करणार," मी म्हणालो, आणि ओले मोजे तसेच बुटात घालून निघालो. दारातून मागे शिट्टी ऐकू आली, मग पाण्यातल्या बायकांचे पाय.

तलावाच्या बाहेर एक लांबलचक बाक होता. बस यायला वेळ होता. भूल उतरत होती आणि गालात मुंग्या, आणि मुंग्यांखाली दात ठणकायला लागला होता. मी बसून स्वतःशी भांडत होतो आणि दोन्ही बाजूंनी हरत होतो. सही नाही केली तर काहीच होणार नाही, हे मला कळत होतं. मी आहे तोवर पुन्हासाहेब राहीन, माझ्या पुस्तकातलं ते प्रकरण तसंच राहील, बिचारी तिकडे शिट्टी फुंकेल. आणि रोज रात्री मी ते गाणं लावून त्या जागेपर्यंत जाईन आणि दार उघडण्याची वाट बघेन. काहीतरी हाताला चाळा म्हणून मी पाकिटं फोडली. पहिल्यात संमतीचा अर्ज. दुसऱ्यात तोच अर्ज, आठवण म्हणून. तिसऱ्यात कुणा अधिकाऱ्याने स्वतःच्या हाताने गोड पत्र लिहिलं होतं. टेपवर आपलं काही खासगी बोलणं आहे, ते प्रसिद्ध झाल्यास आपल्या प्रतिमेस बाधा येऊ शकेल, सबब आपल्याविषयीच्या आदरापोटी ते पस्तीस सेकंद आम्ही काढून टाकले आहेत, निश्चिंत असावे. मी ते दोनदा वाचलं. मग तिसऱ्यांदा. आदरापोटी. माझं तरुणपणचं तोंड धुऊन पुसून, पावडर लावून हे मला बाजारात बसवणार. ड्रम खाली करा म्हणणारा तो साहेब कधीच मेला असेल, पण त्याची गादी चालू आहे. आणि यांच्यापेक्षा मी वेगळा आहे, हे मी कुठल्या तोंडाने म्हणत होतो? मी अडतीस वर्षं तेच पस्तीस सेकंद कापून ठेवले होते, आणि माझ्याकडे तर कात्रीही नव्हती. इतका संताप मला त्या स्टुडिओत कधी आला नव्हता. बस आली, उभी राहिली, गेली. मी अर्ज मांडीवर पाकिटावर ठेवून लिहीत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊ वाजता मी कंपनीत गेलो. नऊला कुणी आलेलं नव्हतं. साडेदहाला एक मुलगी आली, चुणचुणीत, कानात काहीतरी अडकवलेलं. मला बघून उभी राहिली, माझ्या आठही रेकॉर्डी तिला पाठ होत्या, भराभर सांगत सुटली. मी तिच्यापुढे अर्ज ठेवला. ती वाचत गेली तसा तिचा चेहरा पडत गेला.

"सर, इथे लिहिलंय पस्तीस सेकंद परत घालायचे."

"एकही कापायचा नाही. दार धरून."

"पण सर, त्यात तुम्ही..."

"मी काय म्हणालो ते मला माहीत आहे. तिसरा टेकही काढा. माझ्या मते कच्चा आहे, पण तिला काढायचाय."

तिने पान उलटलं. एक्केचाळिसाव्या टेकसमोर निर्माता म्हणून माझं नाव छापलेलं होतं. मी त्याच्यावर काट मारली होती, पेन जरा जोरात चाललं होतं, कागद फाटला होता तिथे. बाजूला भिंगरीचं नाव लिहिलं होतं, पूर्ण, आडनावासकट, सुवाच्य अक्षरात.

"सर, असं नाही करता येत," ती म्हणाली. "सगळीकडे तुमचंच नाव आहे. पुस्तकांत, सगळीकडे. असं बदललं तर वरचे लोक ऐकणार नाहीत."

"मग माझी सही नाही. मग काहीच निघणार नाही. करारातली ती ओळ वरच्या लोकांना वाचायला सांगा, मोठ्याने."

हुशार मुलगी, ओठ चावत होती. मग तिने कीबोर्ड जवळ ओढला. "सोबतच्या पुस्तिकेत प्रत्येकाचं काम लिहितो आम्ही," ती म्हणाली, आणि बोलताना माझ्याकडे बघत नव्हती. "टेपवर कोण, ड्रमवर कोण, असं. त्या टेकसाठी तुमच्यापुढे काय लिहू?"

दात ठणकत होता. मी खुर्ची पुढे घेतली, म्हणजे ती काय टाइप करते ते मला दिसेल.

"लिही," मी म्हणालो, "बाहेर गेला होता."